नदीचा उघडा हिशेब : कॅनडाच्या ‘वॉटर ऑफिस’ या विनामूल्य सेवेचे परीक्षण

कॅनडातील नद्यांची पाणीपातळी आणि विसर्ग जगातील कोणालाही, कोणतेही शुल्क न घेता दाखवणारे ‘वॉटर ऑफिस’ नावाचे सरकारी संकेतस्थळ आहे. कॅनडाच्या पर्यावरण व हवामान बदल खात्याची ‘वॉटर सर्व्हे ऑफ कॅनडा’ ही शाखा ते चालवते आणि १९०८ पासून ही शाखा नद्या मोजण्याचेच काम करीत आली आहे. पुण्यात बसून बो, एल्बो किंवा सस्कॅचेवन या नद्यांचे आकडे कशासाठी पाहायचे, हा प्रश्न साहजिक आहे. मी येथे कनिष्ठ महाविद्यालयात भूगोल शिकवते. पाणलोट क्षेत्र, विसर्ग, पूर या संकल्पना मुलांना आकृतीवरून पाठ होतात, पण नदीचा आकडा तासागणिक हलताना त्यांनी पाहिलेला नसतो. म्हणून मी ही सेवा वर्गात वापरू लागले आणि आता दरवर्षी वापरते. माझे मत आधीच सांगते. नदी समजून घेण्यासाठी मी वापरलेल्या सार्वजनिक सेवांपैकी ही सर्वांत चांगली आहे. तिच्यात उणिवाही आहेत आणि त्या पुढे येतीलच. मात्र तिचे खरे मोल अल्बर्टा, सस्कॅचेवन आणि मॅनिटोबा या तीन प्रेअरी प्रांतांत पाणी कसे वाटून घेतले जाते, हे समजल्यावरच कळते.

या गवताळ मैदानांतील नद्यांची घडण पुणेकराला परकी वाटू नये. मुळा, मुठा, पवना या नद्या सह्याद्रीच्या माथ्यावरील पावसावर वाढतात आणि ते पाणी पूर्वेकडे भीमेच्या कोरड्या खोऱ्यात, उजनीत आणि पुढे कृष्णेत जाते. बो आणि ओल्डमन या नद्या पश्चिमेला रॉकी पर्वतात उगम पावतात, तेथील बर्फाच्या पाण्यावर भरतात आणि पूर्वेकडील मैदानात उतरतात. या मैदानात पाऊस इतका कमी पडतो, की १८५७ ते १८६० या काळात तेथे हिंडलेल्या जॉन पॅलिसर यांच्या मोहिमेने त्याचा दक्षिण भाग शेतीला अयोग्य ठरवला होता. बो आणि ओल्डमन एकत्र आल्या की त्यांची दक्षिण सस्कॅचेवन होते. ती उत्तर सस्कॅचेवनला मिळते, मग विनिपेग सरोवर, तेथून नेल्सन नदी आणि शेवटी हडसनचा उपसागर. डोंगरात पाणी, मैदानात तहान आणि दोन्हींच्या मध्ये राज्यांच्या सीमा, ही स्थिती आपल्याही ओळखीची आहे.

संकेतस्थळ उघडून आकड्यांकडे जाताना प्रथम एक सूचना वाचून मान्य करावी लागते. ताजे आकडे तात्पुरते असून तपासणीनंतर ते बदलू शकतात, असा तिचा आशय आहे. काहींना ही पायरी कंटाळवाणी वाटेल. मला ती या सेवेची पहिली चांगली गोष्ट वाटते, कारण मोजलेल्या आकड्यावर कितपत विसंबायचे हे मोजणाराच स्वतःहून सांगतो. त्यानंतर प्रांत, केंद्राचे नाव किंवा केंद्राचा क्रमांक टाकून शोध घेता येतो, अथवा नकाशावर बोट ठेवून केंद्र निवडता येते. देशभरात दोन हजारांहून अधिक केंद्रे आहेत. कॅल्गरी शहरातील बो नदीच्या केंद्राचा क्रमांक ०५बीएच००४ आहे. यातील ०५ हा आकडा नेल्सन नदीचे महाखोरे दाखवतो, पुढची दोन अक्षरे उपखोरे दाखवतात आणि शेवटचे तीन अंक त्या उपखोऱ्यातील केंद्राचे असतात. एकदा ही रीत कळली, की नुसत्या क्रमांकावरून नदी कोणत्या खोऱ्यातली हे ओळखता येते. मुलांना हा प्रकार फार आवडतो.

केंद्र निवडले की पातळी आणि विसर्ग यांचे आलेख दिसतात. तारखा बदलता येतात, आलेखाऐवजी तक्ता मागता येतो, आकडे उतरवून घेता येतात आणि त्याच दिवसाची मागील वर्षांतील सर्वाधिक, सर्वांत कमी व मध्यक मूल्ये आलेखावर आणता येतात. ही शेवटची सोय मला सर्वांत मोलाची वाटते. आज नदीत इतके पाणी आहे, एवढ्यावर काहीच कळत नाही. इतक्या वर्षांच्या नोंदींत आजच्या तारखेला हे पाणी कोठे बसते, हे कळले की आकड्याला अर्थ येतो. विसर्ग घनमीटर प्रतिसेकंदात दिलेला असतो, आपल्याकडे क्युसेक रुळलेले आहेत, म्हणून दिलेल्या आकड्याला ३५.३ ने गुणावे. वेळ त्या त्या प्रदेशाची प्रमाणवेळ असते आणि ती उन्हाळ्यात पुढे सरकवलेल्या घड्याळानुसार बदलत नाही. कॅल्गरीची प्रमाणवेळ आपल्यापेक्षा साडेबारा तास मागे असल्यामुळे तेथील संध्याकाळचा फुगवटा आपण सकाळच्या तासिकेला पाहू शकतो.

विसर्ग थेट मोजला जात नाही, हेही या संकेतस्थळामुळे वर्गात समजावता आले. केंद्रावरील उपकरण नोंदवते ती फक्त पातळी. तंत्रज्ञ वेळोवेळी नदीवर जाऊन पात्राच्या रुंदीभर ठिकठिकाणी खोली आणि वेग मोजतात, त्यावरून विसर्ग काढतात आणि अशा अनेक मोजण्यांवरून पातळी व विसर्ग यांचा संबंध दाखवणारी वक्ररेषा तयार होते. आपल्याला आलेखात दिसणारा विसर्ग या वक्ररेषेवरून काढलेला असतो. पात्रात गाळ साचला, काठ खचला किंवा पूल बांधताना राडारोडा पडला, की संबंध बदलतो आणि पुन्हा मोजणी करावी लागते. नदीपात्रात भराव टाकल्याने काय बिघडते, हे पुण्यातील मुलांना सांगण्यासाठी याहून नेमके उदाहरण मला मिळालेले नाही. पात्र आवळले की तेवढाच विसर्ग अधिक उंचीवरून वाहतो आणि आदल्या वर्षी कोरड्या राहिलेल्या घरात या वर्षी पाणी येते.

कॅल्गरीचे केंद्र पुणेकरांनी आवर्जून पाहावे. जून २०१३ मध्ये रॉकी पर्वताच्या उतारांवर मुसळधार पाऊस पडला, बर्फ अजून शिल्लक होते, जमीन आधीच ओली होती आणि बो व एल्बो या दोन्ही नद्या एकाच वेळी चढल्या. कॅल्गरीत बोचा विसर्ग १,७०० घनमीटर प्रतिसेकंदाच्या वर गेला. आपल्या भाषेत तो सुमारे ६० हजार क्युसेक होतो. २५ जुलै २०२४ रोजी सिंहगड रस्त्यावरील एकता नगरी परिसरात पाणी शिरले, तेव्हा खडकवासल्यातील विसर्ग ३५ हजार क्युसेकच्या घरात होता. दोन नद्यांची, दोन पात्रांची अशी सरळ तुलना शास्त्रीय नव्हे, हे मी मुलांना बजावते. तरीही ज्या मुलांच्या घरात गेल्या पावसाळ्यांत पाणी आलेले आहे, त्यांना हा आकडा परका राहत नाही.

एल्बो नदीवर शहराच्या वरच्या अंगाला ब्रॅग क्रीक येथे एक केंद्र आहे आणि १९३२ मध्ये बांधलेल्या ग्लेनमोर धरणाच्या खाली दुसरे. दोन्ही आलेख शेजारी ठेवले, की डोंगरातील लाट शहरापर्यंत किती वेळात पोहोचते आणि धरणाने ती किती कापली, हे डोळ्यांनी दिसते. २०१३ च्या पुरानंतर अल्बर्टाने स्प्रिंगबँक येथे नदीपात्राच्या बाहेर एक कोरडा जलाशय बांधला. एरवी तो रिकामा राहतो आणि पूर आला, की एल्बोचे जादा पाणी त्यात वळवता येते. त्याची क्षमता सुमारे ७० दशलक्ष घनमीटर, म्हणजे जवळपास अडीच टीएमसी आहे. खडकवासल्याचा उपयुक्त साठा दोन टीएमसीच्या किंचित आत आहे. त्याहून मोठा जलाशय केवळ पुरासाठी मोकळा ठेवायचा निर्णय एका प्रांताने पचवला, ही गोष्ट मला विचार करण्याजोगी वाटते. पिण्याचे पाणी, सिंचन आणि पूरनियंत्रण ही तिन्ही ओझी एकाच धरणसाखळीवर असली, की ऑगस्टअखेर धरण भरायचे की रिकामे ठेवायचे, हा पेच दरवर्षी उभा राहतो.

माझे सर्वांत आवडते केंद्र मात्र सस्काटून शहरातील दक्षिण सस्कॅचेवन नदीचे आहे. त्याचा क्रमांक ०५एचजी००१, आणि तेथील नोंदी शंभराहून अधिक वर्षांच्या आहेत. शहराच्या वरच्या अंगाला १९६७ मध्ये गार्डिनर धरण पूर्ण झाले आणि त्यामागे डिफेनबेकर नावाचा सुमारे २२५ किलोमीटर लांबीचा जलाशय पसरला. संकेतस्थळाच्या ऐतिहासिक विभागातून महिनावार सरासरी विसर्ग काढून धरणापूर्वीची आणि धरणानंतरची वर्षे वेगळी केली, की दोन निराळ्या नद्या समोर येतात. पहिलीत हिवाळ्यात पाणी अगदी कमी, वसंतात बर्फ वितळताना एक चढ आणि जूनमध्ये डोंगरातील पाण्याचा मोठा चढ असतो. दुसरीत जूनचा चढ बसलेला असतो आणि हिवाळ्यातील प्रवाह मात्र पूर्वीपेक्षा बराच वाढलेला असतो, कारण थंडीत विजेची गरज वाढते आणि धरणातून पाणी सोडले जाते. धरण म्हणजे साठवलेले पाणी, एवढेच आपण शिकवतो. धरणाने नदीचे ऋतूच बदलतात, ही गोष्ट या एका केंद्राच्या तक्त्याने जितकी स्पष्ट होते तितकी मला भाषणाने कधी करता आली नाही. जलचर, काठावरची झाडे, वाळूची बेटे आणि त्यांवर अंडी घालणारे पक्षी या सर्वांचे वेळापत्रक जुन्या नदीशी जुळलेले असते. पानशेत, वरसगाव आणि टेमघर यांच्या खाली राहणाऱ्या मुठेचे ऋतू कोणते, हा प्रश्न त्यानंतर वर्गात कोणी ना कोणी विचारतेच.

केंद्राच्या माहितीपानावर एक बारीक नोंद असते आणि बहुतेक जण ती ओलांडून पुढे जातात. प्रेअरीतील केंद्रांसाठी पाणलोट क्षेत्राचे दोन आकडे दिलेले असतात, एक एकूण क्षेत्राचा आणि दुसरा परिणामकारक क्षेत्राचा. दुसरा आकडा पहिल्यापेक्षा लहान असतो, कित्येक ठिकाणी फारच लहान. कारण असे, की हिमयुगातील बर्फाचे थर मागे सरकताना या मैदानात असंख्य खळगे सोडून गेले. वसंतात बर्फ वितळले, की पाणी या खळग्यांत साचते, तेथेच मुरते किंवा उडून जाते आणि सर्वसाधारण वर्षी नदीपर्यंत पोहोचतच नाही. नकाशावर ती जमीन नदीच्या खोऱ्यात असते, पण नदीला पाणी देत नाही. आपल्या पाठ्यपुस्तकातील पाणलोटाची व्याख्या, म्हणजे जेथे पडलेला थेंब उताराने नदीला मिळतो ते क्षेत्र, येथे अपुरी पडते.

या दोन आकड्यांतील अंतरातच प्रेअरीच्या पाणलोट संवर्धनाचा मोठा वाद दडलेला आहे. शेताची सलग जमीन मिळावी म्हणून शेतकऱ्यांनी पिढ्यानुपिढ्या हे खळगे चर खणून रिकामे केले. एका शेतकऱ्याच्या दृष्टीने ते समजण्यासारखे आहे, कारण पेरणीच्या दिवसांत यंत्र चिखलात अडकून चालत नाही. पण प्रत्येक चराबरोबर परिणामकारक क्षेत्र वाढते, अडून राहणारे पाणी एकदम ओढ्यात येते, खालच्या गावांत पूर येतो आणि शेतातील स्फुरद वाहत विनिपेग सरोवरात जाऊन तेथे शेवाळ माजते. सस्कॅचेवन प्रांतातील स्मिथ क्रीक या लहानशा खोऱ्याचा अभ्यास सस्कॅचेवन विद्यापीठाच्या जलशास्त्रज्ञांनी केला. १९५८ ते २००८ या पन्नास वर्षांत तेथील पाणथळ क्षेत्र निम्म्याहून कमी झाले होते, आणि या निचऱ्यामुळे पुराचे शिखर वाढल्याचे त्यांना आढळले. हे सांगताना मला पाषाण, बावधन, कात्रज डोळ्यांसमोर येतात. ओढे बंदिस्त केले, डबकी बुजवली, टेकडीच्या पायथ्याची माती काँक्रीटखाली गेली, की पुण्यातही परिणामकारक क्षेत्र वाढते. २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री आंबिल ओढ्याने काय केले, ते शहर विसरलेले नाही. पाऊस अफाट होता हे खरे, पण पाणी अडवून धरणाऱ्या जागा पूर्वीइतक्या उरल्या नव्हत्या, हेही तितकेच खरे आहे. आपल्या ओढ्यांसाठी असे दोन आकडे कोणी काढून दिले, तर नगररचनेच्या चर्चेला एक ठोस पाया मिळेल.

हिवाळ्यातील आकड्यांपुढे ‘बी’ हे अक्षर दिसते. नदी गोठलेली आहे आणि बर्फामुळे पातळी फुगली आहे, असा त्याचा अर्थ. तशीच ‘ई’ म्हणजे अंदाजित, ‘डी’ म्हणजे कोरडे, ‘आर’ म्हणजे सुधारित. ही अक्षरे न पाहता आकडे वापरू नयेत, एवढे सांगून पुढे जाते.

इतके आकडे, इतक्या उघडपणे, इतकी वर्षे कशासाठी, याचे उत्तर ३० ऑक्टोबर १९६९ रोजी झालेल्या एका करारात सापडते. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या प्रेअरी प्रांत जलमंडळाच्या छत्राखाली कॅनडा सरकार आणि तिन्ही प्रांत यांनी पूर्ववाहिनी नद्यांच्या वाटपाचा करार केला. मंडळावर केंद्राचे दोन आणि प्रत्येक प्रांताचा एक, असे पाच सदस्य असतात. नियम ऐकायला सोपा आहे. अल्बर्टाने नदीच्या नैसर्गिक प्रवाहापैकी निम्मे पाणी सस्कॅचेवनसाठी सोडायचे आणि सस्कॅचेवनने आपल्याकडे आलेल्या व आपल्या हद्दीत निर्माण झालेल्या पाण्याचे निम्मे मॅनिटोबासाठी. दक्षिण सस्कॅचेवन नदीपुरती अल्बर्टाला एक सवलत आहे. वर्ष कितीही कोरडे असले तरी २१ लाख एकर-फूट, म्हणजे सुमारे ९१ टीएमसी पाणी अल्बर्टा वापरू शकते, मात्र त्या वेळी सीमेवरचा प्रवाह १,५०० क्युसेकच्या खाली जाता कामा नये. आपल्या तुलनेसाठी, खडकवासला साखळीतील चारही धरणांचा मिळून उपयुक्त साठा सुमारे २९ टीएमसी आहे.

योगायोगाने १९६९ च्याच एप्रिलमध्ये आपल्याकडे कृष्णा पाणीवाटपासाठी बच्छावत लवाद नेमला गेला. त्याने ७५ टक्के विश्वासार्हतेने, म्हणजे चारपैकी तीन वर्षे मिळेल असे, २,०६० टीएमसी पाणी धरून महाराष्ट्राला ५६० टीएमसी असा ठरावीक वाटा दिला. दोन्ही पद्धतींत मला मोठा फरक दिसतो. ठरावीक टीएमसीचा वाटा एकदा लिहिला, की वाद पुढे कागदावर चालू शकतो. ‘जे येईल त्याचे निम्मे’ हा नियम मात्र मोजल्याशिवाय एक वर्षही चालू शकत नाही. शिवाय सीमेवर मोजलेले पाणी म्हणजे नैसर्गिक प्रवाह नव्हे. वर कालव्यांनी किती उचलले, जलाशयांत किती अडले, ते सर्व परत मिळवून माणसाने हात लावला नसता तर किती वाहिले असते, हे काढावे लागते. त्यासाठी वरच्याचे आणि खालच्याचे मोजमाप एकच असावे लागते आणि ते दोघांनाही दिसावे लागते. दुष्काळी वर्षांतही हा करार टिकून राहिला, याचे श्रेय मी उदारपणापेक्षा या सामाईक मोजणीला देते. १९९२ मध्ये त्यात पाण्याच्या गुणवत्तेचाही समावेश झाला.

प्रांताच्या आत पाणी वाटण्याचा अल्बर्टाचा नियम मात्र मला कठोर वाटतो. ज्याचा परवाना आधीचा त्याचा हक्क आधी, ही १८९४ च्या सिंचन कायद्यापासून आलेली रीत आहे. २००६ मध्ये बो, ओल्डमन आणि दक्षिण सस्कॅचेवन या उपखोऱ्यांत नवे परवाने देणे थांबवले गेले, कारण नदीत द्यायला पाणी उरले नव्हते. नदी संपली असे अधिकृतपणे म्हणायला धैर्य लागते आणि ते त्या प्रांताने दाखवले. २०२४ च्या दुष्काळात ३८ मोठ्या पाणीवापरकर्त्यांनी, म्हणजे सिंचन मंडळे, शहरे आणि कारखाने यांनी, जुन्या हक्कांचा आग्रह बाजूला ठेवून कमी पाणी वापरण्याचे करार स्वेच्छेने केले.

अशा समजुतीमागे पाणलोट परिषदांचे काम असते. ‘वॉटर फॉर लाइफ’ या २००३ च्या धोरणानुसार अल्बर्टात अशा अकरा परिषदा आहेत आणि बो नदीची परिषद तर त्याहूनही जुनी, १९९२ ची आहे. त्यांना दंड करण्याचा किंवा परवाना देण्याचा अधिकार नाही. शेतकरी, नगरपालिका, उद्योग, पर्यावरण संस्था आणि मूळ रहिवासी समाज यांना एका टेबलाशी बसवायचे, खोऱ्याच्या स्थितीचा अहवाल करायचा आणि आराखडा सुचवायचा, एवढेच त्यांचे काम. १९९२ मध्येच सुरू झालेल्या ‘काऊज अँड फिश’ या उपक्रमात पशुपालकांबरोबर ओढ्याच्या काठाची प्रकृती तपासली जाते. गुरे थेट पात्रात न उतरवता काठापासून दूर हौद ठेवले, तर झुडपे परत येतात आणि काठ खचणे थांबते, हे शेतकरी स्वतःच्या कुरणात पाहतो. मुठेकाठी विठ्ठलवाडीला आणि राम नदीच्या काठाने चालत नदीची ओळख करून देणारे स्वयंसेवक पुण्यातही आहेत, आणि त्यांच्या कामाबद्दल मला मनापासून आदर आहे. त्यांच्या निरीक्षणांना शेजारच्या पुलावरील पातळीचा रोजचा आलेख जोडता आला, तर ती अधिक वजनदार होतील.

आता या सेवेच्या उणिवा. येथे पुराचा इशारा मिळत नाही. इशारे देण्याचे काम प्रत्येक प्रांताच्या यंत्रणेकडे आहे आणि संकटाच्या वेळी नागरिकाला दोन ठिकाणी पाहावे लागते. पातळीचे आकडे अनेक केंद्रांवर स्थानिक गृहीत शून्यापासून मोजलेले असतात, त्यामुळे दोन केंद्रांच्या पातळ्यांची तुलना करणे निरर्थक ठरते, आणि ही बाब नवख्याच्या सहज लक्षात येत नाही. पाण्याची गुणवत्ता येथे दिसत नाही. संकेतस्थळ इंग्रजी आणि फ्रेंच या दोनच भाषांत आहे. मराठी माध्यमातील माझ्या विद्यार्थ्यांसाठी मी शब्दांची यादी करून देते, पण ज्या क्री आणि ब्लॅकफूट समाजांच्या भूमीतून या नद्या वाहतात त्यांच्या भाषांना तेथे जागा असायला हवी होती, असे मला वाटते.

याहून गंभीर मर्यादा आकड्यांच्या स्वभावातच आहे. सस्कॅचेवन नदी मॅनिटोबाच्या सीमेजवळ एका विस्तीर्ण त्रिभुज प्रदेशात पसरते. तेथील कंबरलँड हाउस या वस्तीतील क्री आणि मेटी (मूळ रहिवासी व युरोपीय अशा मिश्र वंशाचे) लोक पिढ्यान्‌पिढ्या मासे, मस्करॅट हा पाणथळीतला उंदरासारखा प्राणी आणि मूस हे मोठे हरीण यांवर जगत आले. वरच्या धरणांमुळे पाणी येण्याची वेळ बदलली, गाळ अडला, कालवे आणि तळी सुकू लागली. केंद्राचा तक्ता वर्षाचा विसर्ग बिनचूक सांगतो. त्या विसर्गाने कोणाचे जगणे विसकटले ते सांगत नाही. पानशेतसाठी गाव सोडलेल्यांच्या नातवंडांना शिकवणाऱ्या शिक्षिकेने हे वर्गात सांगितलेच पाहिजे, असे मी मानते, आणि म्हणून हे आकडे कधीही एकटे शिकवत नाही.

पुण्याकडे पाहायचे तर आपण अगदी रिकाम्या हाती नाही. धरणसाठ्याचे आकडे रोज प्रसिद्ध होतात, विसर्ग वाढवताना काठावरच्या लोकांना निरोप जातो, निळी आणि लाल पूररेषा नकाशावर आखलेल्या आहेत आणि केंद्रीय जल आयोगाचे ‘फ्लडवॉच इंडिया’ हे ॲप २०२३ पासून देशातील प्रमुख नद्यांची स्थिती मोबाइलवर दाखवते. मला हवे आहे ते याहून बारीक आणि घराजवळचे. खडकवासल्यापासून संगमापर्यंत चार-पाच पुलांवर पातळी, प्रत्येक पुलासाठी तासातासाचा आलेख, त्यावर मागील वर्षांची मूल्ये आणि आकडा तात्पुरता असेल तर तसे लिहिलेले. धरणातून सोडलेला आकडा दरवाजापाशी खरा असतो. त्यापुढे ओढ्यांचे पाणी मिसळते आणि पात्राची रुंदी बदलते, म्हणून राजपूत वीटभट्टीच्या किंवा एकता नगरीच्या रहिवाशाला आपल्या पुलाचा आकडा लागतो.

ही सेवा मी भूगोलाच्या शिक्षकांना, नदीकाठच्या सोसायट्यांच्या समित्यांना, स्थापत्य आणि पर्यावरण शाखेच्या विद्यार्थ्यांना आणि पाण्याच्या प्रश्नावर लिहिणाऱ्या प्रत्येकाला सुचवते. मोबाइलवर ती चालते, पण तक्ते उतरवायचे तर संगणक बरा. ताज्या नोंदी साधारण दीड वर्षापर्यंतच्या मिळतात, त्यामागच्या तपासलेल्या नोंदी ऐतिहासिक विभागात असतात. वर्गात वापरायची असेल, तर थेट आलेखापासून सुरुवात करू नये. आधी सस्काटूनचा महिनावार तक्ता मुलांच्या हाती द्यावा, १९६७ पूर्वीची वीस वर्षे एका रंगाने आणि नंतरची वीस दुसऱ्या रंगाने आलेखकागदावर काढायला सांगावे आणि दोन रेषा वेगळ्या का, यावर त्यांना भांडू द्यावे. मग मे महिन्याच्या अखेरीस बॅन्फ येथील बो नदीचे केंद्र उघडावे. त्या सुमारास रॉकीतील बर्फ वितळू लागते, दिवसा तापलेल्या उन्हाचा चढ आणि रात्रीच्या गारव्याचा उतार आलेखात करवतीच्या दातांसारखा उमटतो, आणि नदी तापमानाला कशी प्रतिसाद देते हे सुट्टीतही मुलांना घरून पाहता येते.